जिवंत माणसाला घातलेला हार

नाटक कंपन्यांच्या आमच्या वडशात दिवाळीनंतर ज्याला नाटकात काम नाही, त्याला आम्ही कलावंत म्हणत नाही. त्या हिशेबाने लहानूभाऊ मोठेच कलावंत. त्यांचा एकही हंगाम कधी कोरडा गेला नाही. पण काम कुठलं? मामाचं. धोतर सुटणारा मामा, बायकोचा मार खाणारा मामा, लग्नात जिलेबीच्या परातीत बसणारा मामा. झाडीपट्टीच्या, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भाच्या, रात्रभराच्या नाटकात पहाट होईपर्यंत कोणी ना कोणी मरतंच. बाप मरतो, भाऊ मरतो, हिरोची आई तर हमखास. लहानूभाऊंना मात्र आजवर एकाही लेखकाने मारलं नव्हतं. मामा मेला तर लोक हसतील, असं सगळ्यांचं म्हणणं. आणि या माणसाची जन्माची हौस तेवढी एकच होती. स्टेजवर मरायचं आणि सगळा मंडप रडवायचा.

मी रंजीता, लहानूभाऊंच्याच नाटक कंपनीची हिरोइन. वय विचारू नका. साडी नेसून उभी राहिले की अजून शिट्ट्या पडतात, एवढं पुरे आहे.

कंपनीचा मालक, लेखक आणि दिग्दर्शक हे तिघेही प्रफुलच. त्याचं लहानपण बल्लारपूरकडे खाणीच्या वसाहतीत गेलं. तिथे कधीकाळी पांढऱ्या कापडावर रशियन सिनेमे दाखवायचे म्हणे. त्यातला बर्फात मरणारा एक शिपाई या बाबाच्या डोक्यात जो बसला तो उठलाच नाही. मोबाइल आल्यावर त्याने तो नट शोधून काढला. गेल्या वर्षी धानाची रोवणी आटोपली तेव्हा त्याने आम्हाला ऑफिसात बोलावलं आणि सांगितलं, "यंदाचं नाटक रशियाच्या सिनेमातल्या एका नटावर हाय."

मी म्हटलं, "प्रफुल, ऊन लागलं का तुले?"

पण त्याने त्या नटाची कहाणी सांगायला सुरुवात केली आणि माझं तोंड बंद झालं. गेन्नादी तुरोव त्याचं नाव. व्होल्गा नदीकाठच्या गावात नावाड्याच्या घरी जन्मला. फौजेत गेला, तिथल्या नाटकात उभा राहिला, आणि एका सिनेमावाल्याने त्याला पाहून उचलला. पहिल्याच सिनेमात त्याला गोळी लागून मरायचं होतं. तो असा मेला की कॅमेऱ्यामागचा माणूस रडायला लागला. झालं. तिथून पुढे त्या देशात ज्याला म्हणून सिनेमात चांगलं मरण हवं, तो तुरोवला बोलवायचा. तो बर्फात मेला, नदीत मेला, खाणीत गाडला गेला, राजा होऊन मेला आणि चोर होऊनही मेला. लोक तिकीट काढताना विचारायचे, यात तुरोव कसा मरतो? शेवटच्या दृश्यापर्यंत तो जिवंत राहिला असा एकही सिनेमा नव्हता. त्याची बायको व्हेरा आधी त्याचे सगळे सिनेमे बघायची. मग तिने थिएटरात जाणंच सोडलं, कारण आपल्या नवऱ्याला मरताना माणसाने किती वेळा बघायचं? पुढे तो देश फुटला. सिनेमे बंद पडले, थिएटरांची फर्निचरची गोदामं झाली, व्हेरा वारली, आणि तुरोवचं नाव कुठेच येईना. मोबाइलमधली माहिती तिथेच संपत होती. प्रफुलने ठरवून टाकलं की तो मेला.

"मेला कसा पन?" मी विचारलं.

"थे मी लिहिलो ना." त्याने लिहिलं होतं की म्हातारा तुरोव रेल्वेच्या फलाटावर बर्फात पडून आहे, जाणारे येणारे कोणी ओळखत नाहीत, आणि शेवटी तो व्हेराच्या मांडीवर डोकं ठेवून जीव सोडतो.

"व्हेरा तर आधीच मेली व्हती ना?"

"झाडीपट्टीत नाई मरत थे आधी," प्रफुल म्हणाला.

नाटकाचं नाव ठेवलं 'बर्फातलं कुंकू'. रशियात कुंकू कुठलं, असं विचारायच्या भानगडीत मी पडले नाही. कुंकवाशिवाय आमच्याकडे नाटक विकलं जात नाही. व्हेरा मी, आणि तीही लाल साडीत, कारण फ्रॉक घातलेल्या बायकोसाठी आमच्या बाया रडत नाहीत. तुरोव कोण करणार यावर सगळ्यांचे अंदाज चालू होते. प्रफुलने तुरोवचा म्हातारपणचा फोटो लहानूभाऊंच्या तोंडाशेजारी धरला. तेच बसके गाल, तेच लांब कान. लहानूभाऊंनी तो फोटो हातात घेतला.

"मले खरंच मारतं का गा तू?" त्यांनी विचारलं. डोळे भरून आले होते बिचाऱ्यांचे.

आता आमच्या कंपनीची एक रीत सांगते. पडदा उघडायच्या आधी स्टेजमागे सामानाच्या पेटीवर आम्ही कंपनीच्या गेलेल्या कलावंतांचे फोटो मांडतो. फोटोंना हार घालतो, दिवा लावतो, आणि ज्याचं त्या दिवशी काम आहे तो प्रत्येक जण पाया पडतो. गेलेली माणसं स्टेज सांभाळतात, अशी आमची समजूत. लहानूभाऊ बाबासाहेबांना मानणारे. देव, भूत, नवस यातलं ते काहीच मानत नाहीत. पण या फोटोंपुढे तेही हात जोडतात, कारण त्यातल्या अर्ध्या लोकांबरोबर त्यांनी काम केलं आहे. पहिल्या प्रयोगाला प्रफुलने तुरोवचा फोटो मोठा करून आणला आणि त्या रांगेत ठेवला. झेंडूचा हार घातला. आम्ही सगळे पाया पडलो.

नाटक तुफान चाललं. लहानूभाऊ असे मेले की समोरच्या बायांनी पदर तोंडात कोंबले. त्यांची बायको कांताबाई जन्मात पहिल्यांदा नवऱ्याचं नाटक बघायला आली होती, तीही हुंदके देत होती. सकाळी गावातल्या म्हाताऱ्या रांगेने त्यांच्या पाया पडून गेल्या. लहानूभाऊ रंग पुसायलाच तयार नव्हते. आणि मग पुसता पुसता त्यांनी मला विचारलं, "रंजीता, मंडपाच्या शेवटल्या बांबूजवळ कोन बसला व्हता वं?"

"कोन?"

"गोरा म्हातारा. लांब कोट, हातात मोजे. सारं नाटक पाह्यलं त्यानं आन् मी मरायच्या टाइमाले उठून गेला."

"ताडोब्याचा टुरिस्ट असंन एखादा."

"टुरिस्ट मोबाइल काढते. यानं नाई काढला." त्यांना वाईट वाटलं होतं. सगळा मंडप रडला आणि एक माणूस उठून गेला, याचं.

पुढच्या गावी तो पुन्हा आला. त्याच्या पुढच्याही. कधी कुरखेड्याकडे प्रयोग, कधी थेट गडचिरोलीच्या पलीकडे, आणि लहानूभाऊ रोज सकाळी तेच सांगायचे. शेवटचा बांबू, लांब कोट, आणि मरायच्या आधी उठून जाणं. मी चिडवायचे, "भाऊ, मोहाची दारू कमी घेत जा." ते घेत नाहीत हे मला माहीत होतं. ते चिडायचे, "मी भूत मानत नाई, तुले मालूम हाय. जे दिसलं थे सांगून राह्यलो."

एकदा मी मुद्दाम पडद्याच्या फटीतून पाहिलं. मला कोणी दिसलं नाही. पण मंडप माणसांनी गच्च भरलेला, लोक धानाच्या तणशीवर एकमेकांच्या मांडीला मांडी लावून बसलेले, आणि शेवटच्या बांबूजवळ मात्र एका माणसाची जागा रिकामी. उभे राहिलेले लोकसुद्धा तिथे बसत नव्हते. मी फट लावून घेतली आणि त्यानंतर पुन्हा पाहिलं नाही.

माझ्या बहिणीची पोरगी दिव्यानी रशियात डॉक्टरकी शिकते. आमच्या भागातली बरीच मुलं तिकडे जातात. मी तिला नाटकाचे फोटो पाठवले होते, त्यात पूजेचाही एक होता. तिने ते आपल्या घरमालकिणीला कौतुकाने दाखवले. दुसऱ्या दिवशी तिचा फोन आला, तेव्हा तिचा आवाज बदललेला होता.

"मावशी, त्या फोटोले हार काऊन घातला तुमी?"

"मेलेल्या मानसाले घालतोच ना आपन."

"थो जिवंत आहे मावशी. आमच्याच शहरात, नदीच्या पलीकडं म्हाताऱ्या कलावंतांचं घर आहे, तिथं राहते. मालकीणबाईनं फोटो पाहून छातीवर क्रॉस केला."

जिवंत माणसाच्या फोटोला हार आणि तोही मेलेल्यांच्या रांगेत, आणि आम्ही एवढ्या गावांमधून त्याला दिवा लावत हिंडलो. आमच्याकडे चुकून कोणाच्या फोटोवर फूल पडलं तरी बाया ओरडतात. प्रफुलला सांगितलं तर तो मटकन खालीच बसला. त्याने स्वतःच्या हाताने हार काढला, फोटो पुसला आणि कपाटात ठेवला. लहानूभाऊ मात्र घाबरले नाहीत. ते सुटल्यासारखे हसले.

"मी सांगत व्हतो ना, भूत नाई मनून. थो जित्ता हाय."

"जित्ता हाय तर इथी कसा येते, भाऊ?"

त्यांनी कपाट उघडून तो फोटो पुन्हा पाहिला.

दिव्यानी त्याला भेटायला गेली आणि दुपारी तिने तिथूनच व्हिडिओ कॉल लावला. आम्ही सगळे ऑफिसात टेबलाभोवती उभे होतो. पडद्यावर एक खिडकी दिसली, बाहेर पांढरं शुभ्र, आणि खुर्चीत गुडघ्यांवर ब्लँकेट घेतलेला म्हातारा. त्याच्या मागे खुंटीला लांब कोट टांगलेला होता. खिशातून मोज्यांची बोटं बाहेर लोंबत होती. लहानूभाऊंनी माझं मनगट धरलं.

"हाच वं," ते म्हणाले.

प्रफुलने मोबाइलपुढे हात जोडले आणि चूक कबूल केली. दिव्यानीने ते त्याच्या भाषेत सांगितलं. म्हाताऱ्याने हात झटकला. "ते म्हणतात, मला इतक्या वेळा पुरलं आहे, छातीवर खरी माती टाकली आहे. फुलांचं काय एवढं." मग त्याने आमची तोंडं एकेक करून पाहिली. तो मध्येच काहीतरी कुरकुरला. दिव्यानीला कळेना कसं सांगावं. "ते विचारून राह्यले, तो कोपऱ्यातला बॅटरीवाला माणूस माझे संवाद माझ्याआधी काऊन बोलते? त्यांना त्याचा त्रास होते म्हणतात."

तो बॅटरीवाला म्हणजे कोलू, आमचा प्रॉम्प्टर. तो विंगेत बसून बॅटरीच्या उजेडात नाटकाचं पुस्तक वाचतो आणि आम्ही त्याच्या मागे बोलतो. तो समोरच्या लोकांना दिसत नाही. दिसला तर फक्त मंडपाच्या एकदम कडेला बसलेल्याला, शेवटच्या बांबूजवळून. मी दिव्यानीला नंतर पुन्हा पुन्हा विचारलं. कोलूचा एकही फोटो मी तिला पाठवलेला नव्हता. कोलू त्या दिवशी ऑफिसातून उठून गेला आणि संध्याकाळपर्यंत आला नाही.

मग तुरोव लहानूभाऊंकडे बघत राहिला. लहानूभाऊही त्याच्याकडे. शेवटी तो काहीतरी थोडंसं बोलला. दिव्यानीने मान खाली घातली.

"काय मनते थो?" लहानूभाऊंनी विचारलं.

"ते विचारून राह्यले... नाटकात मी मरतो कसा?"

मला वाटलं, आता लहानूभाऊ सांगतील. तो शेवटचा श्वास त्यांनी घरी आरशासमोर कितीदा बसवला होता. मान कशी पडते, हात कसा सुटतो, डोळे उघडे ठेवायचे की मिटायचे. आणि हे ऐकायला या जगात याच्यापेक्षा जाणता माणूस दुसरा नव्हता. लहानूभाऊंनी तोंड उघडलं. त्या खुर्चीतल्या माणसाकडे पाहिलं. तो उत्तर ऐकायला कानाला हात लावून पुढे वाकला होता.

"मरत नाई," ते म्हणाले. "सांग त्याईले. नाटकात तुमी मरत नाई. शेवटपर्यंत जित्ते राह्यता."

दिव्यानीने सांगितलं. त्याने पुन्हा विचारलं, तिने पुन्हा सांगितलं. मग तो आवाज न करता हसायला लागला आणि हसता हसताच ब्लँकेटच्या टोकाने डोळे पुसले. "ते म्हणतात, जन्मात एकाही डायरेक्टरनं मले जिवंत नाही ठेवलं. विचारतात, म्हणजे नाटक विनोदी आहे का?"

"नाई," लहानूभाऊ म्हणाले. "विनोदी नाई. तरी नाई मरत."

"ते म्हणतात, मग या वेळी शेवटपर्यंत बसतो. आधी उठून यावं लागे." मग ती आवाज खाली आणून मला म्हणाली, "मावशी, त्यांना विसर पडते. काहीही बोलतात." माझ्या मनगटावरची लहानूभाऊंची बोटं अजून सुटली नव्हती.

कॉल बंद झाला आणि प्रफुलचा स्फोट झाला. "भाऊ, लोकं तुमचं मरन पाहाले येतात! नाई मेले तर मंडप पाडतीन!"

"शब्द देला गा मी."

"त्याले काय समजते? तिकडं खुर्चीत बसून हाय थो."

लहानूभाऊ चपला घालून बाहेर पडले. संध्याकाळी मी त्यांना गाठलं. मलाही राग आला होता. ते मरणं माझंही होतं, माझी मांडी, माझा हंबरडा. मी म्हटलं, "भाऊ, जन्मभर जे मागतलं थे आता मिळालं. आन् आता कोनाच्या नादी लागून सोडता?"

"मले सोपं वाटते का तुले?" ते एकदम चढ्या आवाजात बोलले. "जन्मभर हसले लोकं मले. घरातून निंगालो तरी हासत. आता आता कुठी रडाले लागले. थे रडनं आयकाले किती गोड लागते, तुले नाई कळाचं. तू तं पयलेपासून रडवतं लोकाईले."

"मंग मरा ना."

"थो बसून राहीन ना वं शेवटपर्यंत." एवढं बोलून ते भिंतीकडे तोंड करून बसले. काय करणार ते त्यांनी कोणालाच सांगितलं नाही. प्रफुलने समजून घेतलं की म्हातारा नमला.

पुढचा प्रयोग सिंदेवाहीकडच्या एका गावात होता. दिवसा शंकरपट झाला होता, बैलांच्या शर्यतीला आलेली पाहुणे मंडळी सगळी नाटकाला थांबली. थंडी मरणाची. लोक घोंगड्या पांघरून बसलेले. शेवटचा प्रवेश लागला तेव्हा पहाट व्हायला आली होती. वरून कापसाचा बर्फ पडत होता. फलाटाच्या बाकड्याजवळ मी बसले आणि लहानूभाऊंनी माझ्या मांडीवर डोकं ठेवलं. बायांनी आधीच पदर डोळ्यांना लावून तयारी केली.

विंगेतून कोलूचा आवाज आला, "व्हेरा, मला आता थंडी वाजत नाही." लहानूभाऊ ते बोलले. या वाक्यावर हात सुटायचा आणि मान पडायची. हात सुटला नाही. कोलूने वाक्य पुन्हा दिलं. लहानूभाऊंची मान माझ्या मांडीवर लाकडासारखी ताठ झाली होती. ते शेवटच्या बांबूकडे बघत होते. मला बघायचं नव्हतं. पण मी पाहिलं.

तो तिथे बसला होता. टोपी मांडीवर, मोजे घातलेले हात टोपीवर. दोन्ही बाजूंच्या लोकांनी त्याला जागा सोडली होती आणि आपण जागा सोडली आहे हे त्यांना माहीत नव्हतं. तो आमच्याकडे बघत होता. त्याच्या तोंडावर भीती होती. आता काय होणार हे ज्याला नेहमी माहीत असतं आणि आज नाही, त्याची भीती.

"बसून हाय ना?" लहानूभाऊ ओठांतल्या ओठांत म्हणाले.

"हाय."

"मंग उठव मले."

मी त्यांच्या पाठीला हात लावला आणि ते उठून बसले. आणि मग मागून एक जण हसला. ज्या हसण्याला हा माणूस जन्मभर घाबरला, तेच हसणं. ते पुढे पुढे पसरत आलं. "अरे, थो मामा हाय! जिलेबीवाला!" कोणीतरी ओरडलं, "मर ना गा लवकर, घरी जाचं हाय!" मग चहूकडून सुरू झालं. मर, मर, मामा मर. विंगेत प्रफुल दोन्ही हात खाली दाबून दाखवत होता, झोपा, झोपा. लहानूभाऊ बाकड्याला धरून उभे राहिले होते. त्यांचं तोंड मला बघवलं नाही.

माझं डोकं फिरलं. मी स्टेजच्या पुढे आले. रंगमंचावरची शुद्ध भाषा कुठल्या कुठे गेली.

"काऊन मरंन थो?" मी ओरडले. "तुमाले रडाले पायजे मनून? जन्मभर मारलं त्याले तुमच्यासारख्या लोकाईनं! तिकीट काढून काढून मारलं! आज नाई मरत, जा! आता गाडी येईन, आमी दोघं गाडीत बसून घरी जाऊ, चुलीवर चहा मांडू. पाहाचं असंन तं पाहा, नाई तं उठा!"

मंडप गप्प झाला. लहानूभाऊंनी माझा हात धरला. त्यांचा हात बर्फासारखा गार होता, पण आवाज लागला. "चाल व्हेरा," ते म्हणाले, "गाडी आली." हे वाक्य कोणत्याही पुस्तकात नव्हतं. साऊंडवाल्याला काय वाटलं कोण जाणे, त्याने आगगाडीची शिट्टी वाजवली. आम्ही हळूहळू चालत विंगेकडे निघालो. कोणी रडलं नाही. कोणी टाळीही वाजवली नाही. फक्त शेवटच्या बांबूजवळ तो उभा राहिला होता आणि टाळ्या वाजवत होता. मोज्यांमुळे त्यांचा आवाज येत नव्हता. पडदा पडेपर्यंत तो वाजवत होता.

सकाळी आम्ही गाडीत बसलो. प्रफुल सगळ्यांकडे पाठ करून बसला होता. लहानूभाऊ पुढे ड्रायव्हरजवळ बसले होते, खिडकीतून धानाचे रिकामे बांध बघत. रस्त्यात चहाला गाडी थांबली तेव्हा दिव्यानीचा फोन आला. मी लांब जाऊन उचलला.

ती रडत होती. तुरोव रात्री वारला. झोपेत. तिथली नर्स चिडून सांगत होती म्हणे की झोपताना म्हाताऱ्याने हट्टाने कोट चढवला आणि हातात मोजे घातले. काढू दिले नाहीत.

"केव्हा वं?" मी विचारलं. तिने सांगितलेली वेळ मी मनातल्या मनात आमच्या घड्याळात बसवली आणि टपरीच्या खांबाला धरून उभी राहिले. तेव्हा आम्ही स्टेजवर होतो.

परत आले तर लहानूभाऊ खिडकीतून मान बाहेर काढून माझीच वाट बघत होते. रात्रीचा रंग कानामागे राहिला होता.

"दिव्यानीचा फोन व्हता का? कसा हाय थो?"

या माणसाने जन्मभराची हौस एका वाक्यात देऊन टाकली होती, भर मंडपात हसू करून घेतलं होतं, फक्त तो दुसरा जिवंत राहावा म्हणून. आणि तो त्याच पहाटे गेला होता. मी काय सांगायला हवं होतं?

"बरा हाय," मी म्हटलं. "नाश्ता केला मनते."

लहानूभाऊंनी डोळे मिटले. "पाह्य," ते म्हणाले. "मी सांगलं व्हतं ना." आणि वडसा येईपर्यंत ते शांत झोपले.

प्रफुलने ते नाटक बंद केलं. लहानूभाऊ पुन्हा मामा झाले. पुन्हा धोतर सुटायला लागलं, लोक पुन्हा हसायला लागले. मरायचं काम त्यांनी कोणाकडे मागितलं नाही आणि कोणी दिलंही नाही. दिव्यानीला मी सांगून ठेवलं की तू भाऊंना फोन करायचा नाही. आणि तिथून माझ्या मागे हे लागलं. रोज रंगायला बसलो की ते आरशातून विचारतात, आज कसा हाय थो? आणि मी सांगते. आज नदीपर्यंत चालून आला. आज न्हावी आला होता. आज खिडकीत ऊन आलं होतं. जेवला, मासोळी खाल्ली. रशियातली माणसं काय खातात मला काय माहीत, तोंडाला येतं ते सांगते. एक म्हातारा मरून गेला आहे आणि मी त्याला रोज उठवते, चालवते, जेवू घालते. झोपायला गेले की त्याचंच तोंड डोळ्यांपुढे असतं. शेवटच्या बांबूजवळ आता लोक दाटीने बसतात. मी प्रत्येक गावात पडद्याच्या फटीतून बघून घेते.

परवा वैरागडला प्रयोग होता. लहानूभाऊ मिशी चिकटवत होते.

"कसा हाय थो?"

"बरा हाय, भाऊ."

"जेवला?"

"जेवला."

"काय जेवला?"

"मासोळी."

त्यांनी मिशी दाबून धरली आणि आरशातून माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. हसले नाहीत, रागावलेही नाहीत.

"रोज मासोळीच काऊन चारतं वं त्याले?" ते हळूच म्हणाले. "उद्या वांग्याची भाजी दे. गरम भातासंग."